ढाल फुटते कुठे?

‘‘शील्ड अजून प्लॅस्टिकची वाटतेय.’’ गोरेगावातल्या एका व्हीएफएक्स स्टुडिओत सुपरवायझर एवढंच म्हणाला आणि शॉटची चौदावी आवृत्ती बाद झाली. आदल्या दिवशीचं काम पडद्यावर लावून सगळ्यांनी मिळून पाहायचं, त्या बैठकीला इथे डेलीज म्हणतात. तिथे कोणी रागावत नाही, कोणी खुलासेही देत नाही. शेरा लिहून घ्यायचा आणि आपल्या खुर्चीवर परतायचं.

शॉट चार सेकंदांचा. सेकंदाला २४ या हिशेबाने ९६ फ्रेम्स. ढगांवर तरंगणारं एक राज्य आहे. तिथली जमीन सारखी हादरते, कडे तुटून खाली कोसळतात. पुजारीण दोन्ही हात वर करते, गावावर निळसर ऊर्जेचा घुमट उभा राहतो आणि वरून येणारे दगड त्याच्यावर आदळतात. मालिका अजून यायची आहे, म्हणून तिचं नाव लिहिता येत नाही.

मूळ चित्रीकरणात, म्हणजे ‘प्लेट’मध्ये, यातलं काहीच नाही. हिरवा पडदा, हिरवं कापड अंथरलेली जमीन, घामाघूम अभिनेत्री आणि तिच्या मागे, दिसत नसलेल्या दगडांकडे पाहून दचकणारे गावकरी.

हिरवा पडदा असला की माणूस एका क्लिकसरशी वेगळा होतो, हा आपला बाहेरच्यांचा समज. प्रत्यक्षात हात जोरात हलला की त्याची कड धूसर होते, केसांत हिरवी झाक उतरते, आणि दोन गावकरी तर पडद्याच्या बाहेरच उभे असतात. मग रोटो करावं लागतं: माणसाची बाह्यरेषा फ्रेममागून फ्रेम हाताने आखत जायची. रोटोच्या रांगेतली एक मुलगी पुजारिणीचा उजवा हात करत होती. हात म्हणजे एक आकार नव्हे. प्रत्येक बोटाचा वेगळा, तळव्याचा वेगळा, मनगटाचा वेगळा. तिने करंगळी एवढी मोठी केली होती की स्क्रीनवर नुसते चौकोनी ठिपके दिसत होते. त्यातला कुठला ठिपका नखाचा आणि कुठला पडद्याचा, हे ठरवायचं. अमेरिकेत मॅक्स फ्लायशर यांना रोटोस्कोपचं पेटंट मिळालं १९१७ मध्ये; त्याच वर्षी आपल्याकडे फाळक्यांचा ‘लंकादहन’ आला. यंत्रं बदलली, पण रेषेमागे माणूस बसतो तो बसतोच, आणि परदेशी चित्रपटांचं रोटोही आज मोठ्या प्रमाणावर भारतातच होतं.

ढाल मात्र दुसऱ्याच खोलीत तयार होते. हूडिनी नावाच्या सॉफ्टवेअरमध्ये एक अर्धगोल घ्यायचा, इथवर कोणालाही जमेल. पण सगळा घुमट सारखाच निळा रंगवला की तो खरोखरच प्लॅस्टिकची पाटी दिसतो. इथे एकोणिसाव्या शतकातले फ्रेंच शास्त्रज्ञ फ्रेनेल कामाला येतात. एसटीच्या खिडकीतून समोर पाहिलं की आरपार दिसतं, तीच काच तिरकी पाहिली की चकाकते. तसा घुमट मधोमध जवळजवळ पारदर्शक ठेवायचा आणि कडेला उजळवायचा. त्यावर ‘नॉइज’, म्हणजे गणिताने निर्माण केलेला अनियमितपणा. १९८२च्या ‘ट्रॉन’वर काम केल्यानंतर केन पर्लिन यांना संगणकी चित्रांचा यांत्रिक गुळगुळीतपणा खटकला, म्हणून त्यांनी हे गणित रचलं; १९९७ मध्ये त्यांना त्यासाठी ऑस्करचा तांत्रिक पुरस्कार मिळाला. षटकोनी जाळीचा मोह मात्र इथे टाळला होता, याचं मला बरं वाटलं. मधमाश्यांच्या पोळ्यासारख्या ढाली पाहून आता कंटाळा आला आहे.

हे सगळं करूनही शील्ड प्लॅस्टिकचीच वाटत होती. इफेक्ट्स करणाऱ्या मुलाने तेव्हा जो प्रश्न विचारला, तो पटकथेच्या बैठकीतच विचारला जायला हवा होता. ‘‘सर, ही फुटते कुठे?’’

प्रश्न अगदी रास्त होता. फ्रँक हर्बर्ट यांच्या १९६५च्या ‘ड्यून’मधली ढाल वेगवान वार अडवते, पण सावकाश सरकवलेलं पातं आत जाऊ देते. २०२१च्या चित्रपटात वार अडला की ती निळी चमकते आणि भेदली गेली की लाल होते; नियम न सांगता कळतो. ‘स्टार वॉर्स’च्या १९९९च्या भागात गंगन लोकांचा घुमट तोफगोळे रोखतो आणि यंत्रसैनिक मात्र खुशाल चालत आत शिरतात. काहीही झालं तरी न फुटणारी ढाल पाहायला कोण थांबेल? लक्ष्मणरेषेची गोष्ट तरी आपण का सांगत आलो? ती बाहेरून ओलांडता येत नाही, आतून येते, म्हणूनच ना.

दोन दिवसांनी दिग्दर्शकाचं उत्तर आलं: ढालीची शक्ती जमिनीतून येते. या एका वाक्याने काम मार्गी लागलं. जमीन हादरली की घुमट विरळ व्हायला हवा. पण दोन्ही एकाच फ्रेमला झालं तर नुसता कॅमेरा हलल्यासारखं दिसतं. मुलाने घुमटाचा थरकाप आधी दोन, मग तीन फ्रेम्स उशिरा केला. तीन फ्रेम्स म्हणजे सेकंदाचा आठवा हिस्सा. तेवढ्याने कारण आधी आणि परिणाम नंतर, हे डोळ्यांना पटलं. दगड आदळला की उठणारी वलयं घुमटाच्या माथ्यावर घट्ट आणि पायथ्याशी, जिथे जमीन तडकली आहे तिथे, विस्कटलेली. सर्वांत जास्त वेळ त्या पायथ्यालाच लागला. प्रकाश मातीला जिथे टेकतो तिथे धूळ उडायला हवी, गवताच्या पात्यांची आतली बाजू उजळायला हवी. नाहीतर घुमट चित्रावर चिकटवलेला दिसतो.

मध्येच वरून ‘ढाल सोनेरी करता येईल का?’ अशी विचारणा आली. कॉम्पोझिटिंगच्या, म्हणजे सगळे थर एका चित्रात जोडणाऱ्या विभागाच्या, लीडने पुजारिणीचा चेहरा मोठा करून दाखवला. चित्रीकरणाच्या वेळी लाइटमनने निळे दिवे लावले होते. गालावर, नथीवर, डोळ्यांत निळाच उजेड. प्रत्येक चेहऱ्यावरचा तो बदलायचा तर सगळ्यांचं रोटो पुन्हा. ढाल निळी राहिली. त्या राज्याच्या दैवी ऊर्जेचा रंग असा सेटवरच्या लाइटमनने ठरवला आहे.

सतरावी आवृत्ती मंजूर झाली. एडिटमध्ये चार सेकंदांचे अडीच झाले. तडा जातो त्या फ्रेम्स राहिल्या, करंगळी जिच्यात स्पष्ट दिसते ती सुरुवात कापली गेली. माझ्या मते कात्री योग्य जागी चालली, आणि रोटो करणाऱ्या मुलीचंही मत तेच होतं. तोवर ती पुढच्या शॉटमधल्या घोड्याच्या आयाळीला लागली होती.