गावप्रमुखाची शेवटची शिदोरी

मैत्रिणींनो, इजिप्तची 'ममी' आता आपल्या पोराबाळांनाही ठाऊक झाली आहे. इथे राणीसावरगावात मी अर्धवेळ शिकवते, त्या वर्गात ममीचं नाव निघालं की मागच्या बाकावरची मुलंसुद्धा कान टवकारतात. पण आपल्याच महाराष्ट्रात एका मानकऱ्याला कसं मातीआड केलं, हे ऐकलंय तुम्ही?

पुणे जिल्ह्यात शिरूर तालुक्यात घोड नदीच्या काठी इनामगाव आहे. डेक्कन कॉलेजच्या सांकलिया, ढवळीकर, अन्सारी या मंडळींनी १९६८ ते १९८३ या काळात तिथे उत्खनन केलं. वस्तीच्या मध्यभागी पाच खोल्यांचं ऐसपैस घर निघालं. धान्याचं कोठारही तिथंच. आणि अंगणात पुरलेला चार पायांचा मातीचा मोठा रांजण, त्यात मांडी घालून बसवलेला पुरुष! तीन हजार वर्षं झाली असतील त्याला. गावाचं धान्य ज्याच्या हाती, तो गावचा प्रमुखच असणार, असं जाणकार म्हणतात. (बसवून पुरण्याची रीत आपल्या मराठवाड्यात लिंगायत समाजात आजही आहे. पण म्हणून लगेच नातं जोडू नये हं!)

इतर मोठ्या माणसांना घरातच आडवं निजवून, डोकं उत्तरेला करून पुरीत. जवळ अन्नपाण्याची भांडी ठेवीत. पण पावलं घोट्यापासून तोडून टाकीत. गेलेल्या माणसानं उठून चालू लागू नये, हा हेतू असावा. या मानकऱ्याची पावलं मात्र शाबूत! मानपान मेल्यावरही सुटत नाही, दुसरं काय?

इजिप्तमध्ये त्याच्या आधी काही शतकं 'खा' नावाचा एक अधिकारी होऊन गेला. राजांची थडगी बांधणाऱ्या कारागिरांवरचा मुकादम. त्याची कबर १९०६ साली जशीच्या तशी सापडली. पलंग, स्टुलं, कपडे, पाव, सगळा संसारच बरोबर. बायकोचा, मेरितचा, केसांचा टोपसुद्धा पेटीत नीट ठेवलेला. ती बिचारी नवऱ्याच्या आधी गेली. तिची पेटी तयार नव्हती, तेव्हा नवऱ्यासाठी केलेल्या पेटीतच तिला ठेवली. हे सारं आज इटलीत तुरीनच्या संग्रहालयात आहे.

पण खरं सांगू? मला चटका लावून गेली ती इनामगावची लेकरं. तान्हं मूल गेलं की दोन मडकी तोंडाला तोंड लावून आडवी ठेवायची, आत बाळ, आणि घरातल्याच जमिनीखाली पुरायचं. वर चूल पेटत असेल, केर निघत असेल, दुसरं भावंड रांगत असेल. त्या आईला रोज काय वाटत असेल हो? आपल्याकडेही लहान मुलाला अग्नी देत नाहीत, पुरतात, पण गावाबाहेर.

त्याच संस्कृतीच्या लोकांची वस्ती प्रवराकाठी नेवाशालाही होती. तिथे पुरलेल्या एका मुलाच्या गळ्यात तांब्याच्या मण्यांची माळ मिळाली. तांब्याला चिकटून मण्यांचा दोराही थोडासा टिकून राहिला होता. तपासला तेव्हा तो रेशमाचा आणि कापसाचा निघाला.