निवृत्तीनंतरचा हिशेब, लेखांक 6 : ग्रॅच्युइटीच्या कायद्यातला शिक्षक

मागच्या लेखात अनुदानित शाळांतल्या पेन्शनचा वाद पाहिला. विनाअनुदानित शाळेतल्या शिक्षकाला सरकारी पेन्शनचा आधार नसतो, म्हणून ग्रॅच्युइटीचे मोल मोठे. 2025 पर्यंत लागू असलेल्या 1972 च्या कायद्याचे सूत्र सोपे होते : शेवटचे मूळ वेतन आणि महागाई भत्ता यांच्या बेरजेला 26 ने भागायचे, मग 15 ने आणि सेवेच्या वर्षांनी गुणायचे. 26,000 रुपयांवर 20 वर्षांचे 3 लाख होत. शिक्षक या रकमेचा हक्कदार आहे की नाही, याचा निकाल लागायला मात्र 2022 साल उजाडले.

घोळ झाला तो कायद्याच्या मसुद्यात. 3 एप्रिल 1997 च्या अधिसूचनेने दहा किंवा अधिक माणसे कामाला असलेल्या शिक्षणसंस्था कायद्याखाली आल्या; पण कर्मचाऱ्याची व्याख्या जुनीच राहिली : कुशल, अकुशल, तांत्रिक, कारकुनी वगैरे कामे करणारा. अहमदाबादच्या खासगी प्राथमिक शिक्षकांच्या संघटनेच्या प्रकरणात, जानेवारी 2004 मध्ये, शिक्षक यांपैकी कशातच बसत नाही असे सर्वोच्च न्यायालयाने ठरवले. म्हणजे शाळेच्या कारकुनाला ग्रॅच्युइटी मिळणार, शिक्षकाला नाही. न्यायालयाने मात्र हे योग्यच आहे असे म्हटले नव्हते. शिक्षकांसाठी कायदा करण्याचा विचार कायदेमंडळाने करावा, असे सुचवले होते. संसदेने 2009 मध्ये व्याख्या बदलली आणि ती 3 एप्रिल 1997 पासूनच लागू केली. (जानेवारी 2019 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्याच एका निकालात ही दुरुस्ती नजरेतून सुटली आणि दोन महिन्यांत तो निकाल मागे घ्यावा लागला.)

संस्थाचालकांचा आक्षेप वरवर पाहता रास्त वाटतो. न्यायालयात जिंकलेला दावा संसदेने कसा फिरवावा, आणि गेलेल्या वर्षांची फी आता कोणाकडून वसूल करावी? पहिल्याचे उत्तर असे की निकाल नुसता रद्दबातल ठरवण्याचा अधिकार संसदेला नाही, पण तो ज्या उणिवेवर उभा आहे ती दूर करता येते, तीही मागील तारखेपासून. 29 ऑगस्ट 2022 रोजी न्यायालयाने हेच मान्य करून थकबाकी व्याजासह देण्यास सांगितले. फीचा मुद्दा तर मुळातच लंगडा आहे. ग्रॅच्युइटी हे बक्षीस नव्हे, सेवेची किमान अट आहे. काम तर शाळेने आधीच करून घेतलेले असते. फी वाढवता येत नाही म्हणून मार्चचा पगार देणार नाही, असे कोणी उघडपणे म्हणेल का? शिवाय 1997 ची अधिसूचना शाळांपुढे होतीच. हा बोजा आभाळातून पडला नाही.

हक्क मान्य झाल्यावर भांडण सेवाकाळाच्या मोजणीवर येते. जूनमध्ये नेमणूक, एप्रिलअखेर कार्यमुक्ती, पुन्हा जूनमध्ये नवा आदेश. असे झाले की ग्रॅच्युइटीसाठी लागणारी सलग पाच वर्षे भरतच नाहीत, असा युक्तिवाद करता येई. पण या कायद्याने वर्षात 240 दिवस काम भरले की सेवा सलग धरायची सोय केलेली होती. औद्योगिक विवादांच्या कायद्यातल्या अशाच 240 दिवसांत पगारी रविवार आणि सुट्ट्याही धराव्यात, असे सर्वोच्च न्यायालयाने 1985 मध्ये म्हटले आहे. तोच न्याय लावला, तर जून ते एप्रिलची नोकरी ही अट सहज ओलांडते. अडचण पुराव्याची असते : हजेरीपट आणि पगारपत्रके शाळेच्या ताब्यात, शिक्षकाकडे फार तर शेवटचा आदेश. ही कागदपत्रे कशी मिळवायची, ते पुढच्या आठवड्यात.