‘स्टार वॉर्स’ चित्रपटाचा आद्य पाठ : लोप व उद्धार

जुन्या पोथ्यांचें संशोधन करतांना मूळ पाठ कोणता व प्रक्षेप कोणता, हा प्रश्न पदोपदीं उपस्थित होतो. परंतु तेथें ग्रंथकार बहुधा शतकांपूर्वींच दिवंगत झालेला असतो व प्रक्षेप इतरांच्या हातून झालेले असतात. खुद्द कर्त्यानेंच हयातींत कृति बदलली व आद्य पाठ व्यवहारांतून दूर सारला, तर संशोधकानें काय करावें? ह्याचें बोधप्रद उदाहरण अमेरिकेंतील ‘स्टार वॉर्स’ ह्या चित्रपटाच्या इतिहासांत सांपडतें.

जॉर्ज ल्यूकस ह्यांचा हा चित्रपट ता. २५ मे १९७७ रोजीं प्रदर्शित झाला. १९८१ च्या पुनःप्रदर्शनांत आरंभींच्या मजकुरास ‘चौथा भाग’ व ‘ए न्यू होप’ हीं शीर्षकें जोडलीं गेलीं. १९९७ च्या ‘स्पेशल एडिशन’मध्यें संगणकानें रचलेलीं दृश्यें आलीं, आणि ज्या प्रसंगांत पूर्वीं हान सोलो एकटाच गोळी झाडीत असे, तेथें प्रतिपक्षी ग्रीडो आधीं झाडतो असें दाखविलें. हा भेद बाह्य शोभेचा नव्हे. त्यानें पात्राचा स्वभावच पालटतो. २००४, २०११ व २०१९ सालीं आणखी फेरफार झाले. आद्य पाठ २००६ सालीं डीव्हीडीवर पुरवणीदाखल निघाला खरा. पण तो १९९३ च्या लेझरडिस्कसाठीं केलेल्या प्रतीवरून घेतल्यामुळें चित्राची स्पष्टता उणी होती.

अशा स्थितींत कांहीं रसिकांनीं उद्धाराचें कार्य स्वतः अंगावर घेतलें व त्याचें फळ आंतरजालावरील संग्रहांतून इतरांस उपलब्ध केलें. त्यांच्या दोन पद्धति पाठचिकित्सकास परिचित वाटतील. ‘डिस्पेशलाइज्ड एडिशन’मध्यें २०११ च्या ब्लू-रे प्रतीचा आधार घेऊन, बदललेल्या स्थळीं अन्य साधनांतील जुनीं दृश्यें बसविलीं आहेत. भांडारकर प्राच्यविद्यासंशोधनमंदिरानें १९६६ सालीं पूर्ण केलेल्या महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीप्रमाणें हा संकलित पाठ होय. तो जसाच्या तसा कोणत्याही एका प्रतींत नाहीं. उलट, २०१८ सालीं सिद्ध झालेल्या ‘४के७७’ ह्या उपक्रमांत मुख्यतः १९७७ च्या एकाच टेक्निकलर फिल्मप्रतीस प्रमाण मानून तिचें चौकटीगणिक सूक्ष्म चित्रण केलें. टेक्निकलरच पसंत करण्याचें कारण असें कीं, त्या काळच्या सामान्य रंगीत फिल्मचे रंग उडून चित्र तांबूस होतें; टेक्निकलर पद्धतींत मात्र तीन रंग एकामागून एक फिल्मवर उठविलेले असून ते टिकाऊ असतात.

तथापि ‘मूळ’ हाहि शब्द जपून वापरावा. १९७७ सालींच ह्या चित्रपटाचे एकमार्गी, स्टीरिओ व सत्तर मिलिमीटर फिल्मसाठीं सहा मार्गांचे, असे निरनिराळे ध्वनिपाठ प्रचारांत होते, व त्यांत भेद आहेत.

आतां पूर्वपक्ष असा कीं, कर्त्यास आपली कृति सुधारण्याचा अधिकार आहे. तो मान्यच आहे. १९८८ सालीं ल्यूकस ह्यांनीं अमेरिकेच्या काँग्रेसपुढें साक्ष देऊन चित्रपटांतील फेरफारांस विरोध केला, तो कर्त्याव्यतिरिक्त इतरांनीं केलेल्या फेरफारांस. म्हणून त्यांचें वर्तन विसंगतच होतें असें म्हणतां येत नाहीं. परंतु सुधारणेचा अधिकार निराळा व पूर्वीं लोकांनीं काय पाहिलें ह्याचा पुरावा पुसण्याचा अधिकार निराळा. लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या राष्ट्रीय चित्रपट-नोंदवहींत हा चित्रपट १९८९ सालीं, म्हणजे ‘स्पेशल एडिशन’च्या आठ वर्षें आधीं, समाविष्ट झाला, तो गौरव अर्थातच त्या पूर्वरूपाचा होता.

रसिकांच्या प्रतींस स्वामित्वधारकाची अनुमति नाहीं, हा दोष त्या विक्रीसाठीं नसल्यानें नाहींसा होत नाहीं. फिल्मचें रक्षण संस्थांनींच करणें उत्तम. जून २०२५ मध्यें ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटनें लंडन येथें १९७७ ची टेक्निकलर प्रत पडद्यावर दाखविली, ती अशा रक्षणामुळेंच. पण संस्थेची प्रत क्वचित् दृष्टीस पडते. अभ्यासकाचें काम रोजचें असतें. तेव्हां रसिकांच्या प्रतींचा उपयोग त्यानें अवश्य जाणावा. मात्र कोणतें दृश्य कोणत्या साधनांतून घेतलें, कोणता ओरखडा पुसला व कोणता रंग दुरुस्त केला, ह्याची नोंद प्रत्येक प्रतीसोबत असली पाहिजे. ती नसेल, तर आज ज्यांनीं प्रक्षेप दूर केले, त्यांचेच संस्कार उद्यां नवे प्रक्षेप ठरतील.