घरकर्जाचा खरा हिशेब

आमच्या कापड बाजारात मीटरमागे दहा पैशांसाठी तास तास घासाघीस चालते. सुताचा भाव, साईझिंगची मजुरी, दलाली, वटाव, उधारीचे दिवस असे सगळे मोजूनच व्यापारी सौद्याला हात लावतो. पण तोच व्यापारी घरासाठी वीस लाखांचे कर्ज घ्यायला बँकेत बसतो तेव्हा एकच प्रश्न विचारतो, "हप्ता किती बसेल?" एकूण किती फेडावे लागेल, हे तो विचारत नाही आणि समोरचा माणूस आपणहून सांगत नाही. आयुष्यातला सर्वांत मोठा सौदा आपण सर्वांत कमी हिशेबाने करतो. म्हणून या वेळी कापडाचा विषय बाजूला ठेवून घरकर्जाचा हिशेब मांडत आहोत.

काही महिन्यांपूर्वी भिवंडीतील एक तरुण यंत्रमाग कारखानदार आमच्या पेढीवर आले. दहा वर्षांपूर्वी त्यांनी वीस लाखांचे कर्ज वीस वर्षांसाठी घेतले होते. मंदीतही एक हप्ता चुकवला नव्हता. गावाकडच्या जमिनीतले त्यांच्या वाट्याचे पाच लाख नुकतेच हाती आले होते. निम्मी मुदत संपली, म्हणजे दहा लाख उरले असतील, त्यात हे पाच भरले की ओझे हलके होईल, असा त्यांचा अंदाज होता. बँकेच्या उताऱ्यावर बाकी मात्र चौदा लाखांच्या वर होती. "चाचा, दहा वर्षांत वीस लाखांहून जास्त भरले. मग हे चौदा लाख कुठून आले? ही सरळ फसवणूक आहे," असे ते म्हणाले.

आम्ही कागद घेऊन बसलो. फसवणूक नव्हती, बँकेचा हिशेब बरोबर होता. चूक एवढीच की हा हिशेब दहा वर्षांपूर्वी सहीच्या आधी मांडायला हवा होता.

हप्त्याच्या पोटात काय असते

आपल्या बाजारात उधारी उशिरा आली तर मुनीम काय करतो? आलेल्या रकमेतून आधी व्याज कापून घेतो आणि उरेल तेवढेच मुद्दलात जमा करतो. बँकही दर महिन्याला नेमके हेच करते.

समजायला सोपे जावे म्हणून २० लाखांचे कर्ज, ९ टक्के दर आणि २० वर्षे मुदत धरू. आपला दर याहून कमी किंवा जास्त असेल, रीत तीच राहील. हप्ता १७,९९५ रुपये बसतो. वीस लाखांवर एका महिन्याचे व्याज १५,००० रुपये होते. म्हणजे पहिल्या हप्त्यातले १५,००० व्याजात गेले आणि मुद्दल फिटले फक्त २,९९५. दुसऱ्या महिन्यात व्याज बावीस रुपयांनी कमी होते आणि तेवढेच मुद्दलात जास्त जाते. गाडी अशी मुंगीच्या पावलांनी चालते.

पहिल्या वर्षात आपण सुमारे २ लाख १६ हजार भरतो, त्यातून मुद्दल फिटते साडेसदतीस हजार. पाच वर्षांत १० लाख ८० हजार भरून बाकी राहते १७ लाख ७४ हजार. दहा वर्षांत २१ लाख ५९ हजार भरले, म्हणजे घेतले त्यापेक्षा जास्त दिले, तरी १४ लाख २० हजार बाकी. हप्त्यात व्याजापेक्षा मुद्दलाचा भाग मोठा व्हायला तेरावे वर्ष उजाडते. निम्मे कर्ज फिटायला चौदा वर्षे लागतात. वीस वर्षांत एकूण ४३ लाख १९ हजार जातात आणि त्यातले २३ लाख १९ हजार निव्वळ व्याज असते.

लांब मुदत स्वस्त दिसते, पडते महाग

त्याच २० लाखांवर, त्याच ९ टक्क्यांनी, मुदत बदलली की काय होते ते पाहा.

१० वर्षे : हप्ता २५,३३५ रु., एकूण व्याज १० लाख ४० हजार.
१५ वर्षे : हप्ता २०,२८५ रु., एकूण व्याज १६ लाख ५१ हजार.
२० वर्षे : हप्ता १७,९९५ रु., एकूण व्याज २३ लाख १९ हजार.
३० वर्षे : हप्ता १६,०९२ रु., एकूण व्याज ३७ लाख ९३ हजार.

वीसऐवजी तीस वर्षे घेतली तर हप्ता अवघ्या १,९०० रुपयांनी हलका होतो, पण व्याज पावणेपंधरा लाखांनी वाढते. उलट पंधरा वर्षे घेतली तर महिन्याला २,२९० रुपये जास्त जातात आणि सहा लाख सदुसष्ट हजार वाचतात. हप्ता कमी करून देतो असे कोणी सांगितले की मुदत किती वाढली, हे लगेच विचारावे.

दर बदलतो तेव्हा

बहुतेक घरकर्जे बदलत्या दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी बदलत्या दराची नवी घरकर्जे रेपो दरासारख्या बाहेरच्या दराला जोडावीत, असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. मे २०२० मध्ये रेपो दर ४ टक्के होता. मे २०२२ पासून तो वाढत गेला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५ टक्क्यांवर पोहोचला. अवघ्या दहा महिन्यांत अडीच टक्के चढ झाला.

अशा वेळी पुष्कळदा हप्ता तोच राहतो आणि मुदत लांबते. खिशाला झळ लागत नाही म्हणून माणूस निर्धास्त असतो. समजा, २० लाख ७ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतले. हप्ता १५,५०६ रुपये. लगेच दर ९ टक्के झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर वीस वर्षांचे कर्ज अडतीस वर्षांचे होते. दर साडेनऊ झाला तर महिन्याचे व्याजच १५,८३३ रुपये, म्हणजे हप्त्यापेक्षा जास्त. मग मुद्दल फिटण्याऐवजी फुगू लागते.

अशा तक्रारी वाढल्यावर ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने आदेश काढला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे कर्जदाराला विचारले पाहिजे आणि व्याजही न भागेल इतका लहान हप्ता ठेवता कामा नये. तेव्हा बँकेचे पत्र किंवा मोबाईलवरचा निरोप न वाचता टाकून देऊ नये. कर्ज बँकेऐवजी गृहवित्त कंपनीचे असेल तर त्यांचा दर रेपोला जोडलेला असेलच असे नाही. तो कशावरून ठरतो, हे आधी विचारावे.

व्याजाबाहेरचे खर्च

घराच्या पूर्ण किमतीइतके कर्ज मिळत नाही. रिझर्व्ह बँकेच्या मर्यादेप्रमाणे ३० लाखांपर्यंतच्या कर्जाला किमतीच्या जास्तीत जास्त ९० टक्के, त्यावर ७५ लाखांपर्यंत ८० टक्के आणि त्यापुढे ७५ टक्के. बाकीची रक्कम आपली. मुद्रांक शुल्क आणि नोंदणीही सहसा आपल्याच खिशातून जाते. शिवाय प्रक्रिया शुल्क व त्यावर १८ टक्के जीएसटी, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन, गहाणाच्या कागदाचे शुल्क हे वेगळे.

कर्जासोबत विमाही पुढे केला जातो. विमा घ्यावा की नाही हा ज्याचा त्याचा विचार, पण तो त्याच ठिकाणाहून घेतला पाहिजे असे बंधन नसते. त्याचा हप्ता कर्जातच मिळवून टाकला तर त्यावरही व्याज चढते. ६० हजारांचा विमा कर्जात मिळवला तर ९ टक्क्यांनी वीस वर्षांत तो १ लाख २९ हजारांना पडतो.

हे सारे एका जागी दिसावे म्हणून १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या नव्या किरकोळ कर्जांना मुख्य तथ्यांचे पत्रक देणे सक्तीचे आहे. त्यात सर्व खर्च धरून येणारा वार्षिक दर आणि हप्त्यांचा तक्ता असतो. ते कर्जदाराला समजेल अशा भाषेत असावे, असाही नियम आहे. मराठीत मागून घ्यावे आणि घरी बसून वाचावे.

प्राप्तिकरात सूट मिळते म्हणून कर्ज घ्यावे, असा सल्ला देणारेही भेटतात. नव्या करपद्धतीत स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही. आपण कोणत्या पद्धतीने कर भरतो हे हिशेबनिसाला विचारल्याशिवाय त्या सुटीवर भरवसा ठेवू नये.

सुदाचा प्रश्न

आमच्या अनेक बांधवांच्या मनात याआधी दुसरा प्रश्न असतो, सूद द्यावे की नाही. त्याचे उत्तर उलमांकडे आहे, आमच्यासारख्या कापडवाल्याकडे नाही. वस्तुस्थिती एवढीच सांगतो की २००८ मध्ये रघुराम राजन समितीने बिनव्याजी बँकिंगची शिफारस केली होती, पण २०१७ मध्ये रिझर्व्ह बँकेने तो प्रस्ताव पुढे न नेण्याचे ठरवले. जे बांधव भावाभावांत कर्ज-ए-हसना घेऊन किंवा बिल्डरला टप्प्याटप्प्याने देऊन घर करतात, त्यांनीही एकूण रक्कम आणि मुदत लिहून घ्यावी. घराच्या माणसांतला कच्चा हिशेब नाती तोडतो.

व्यापाऱ्याने काय करावे

कर्ज वाईटच असते असे आम्ही म्हणत नाही. घरभाडे वाचते, डोक्यावर छप्पर येते आणि आज जड वाटणारा हप्ता महागाईमुळे पंधरा वर्षांनी तितका जड राहत नाही. पण नोकरदाराचा पगार दर महिन्याला येतो, आपला गल्ला हंगामावर चालतो. म्हणून हप्ता ठरवताना रमझान-दिवाळीची विक्री धरू नये. वर्षातला सर्वांत मंदीचा महिना धरावा आणि सहा हप्त्यांची रक्कम बाजूला ठेवावी.

जादा पैसा आला की मुद्दलात भरावा आणि जितका लवकर तितका चांगला. वरच्या उदाहरणात पहिले वर्ष संपताच एक लाख भरले तर शेवटचे सुमारे सत्तावीस हप्ते उडतात आणि चार लाखांच्या जवळपास व्याज वाचते. दर वर्षी एक हप्ता जादा भरला तर कर्ज सुमारे साडेतीन वर्षे आधी संपते. बदलत्या दराच्या घरकर्जावर वैयक्तिक कर्जदाराकडून मुदतपूर्व फेडीचा दंड घेण्यास रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्ये बँकांना मनाई केली आहे. स्थिर दराच्या कर्जाला मात्र दंड असू शकतो.

एक सावधगिरी ठेवावी. धंद्याचे खेळते भांडवल घरात घालू नये. रोखीचा पैसा घरकर्जात भरला आणि सूत उधारीवर घ्यावे लागले, त्या उधारीचा फरक महिन्याला दीड टक्का पडला, तर वर्षाला अठरा टक्के झाले. नऊ वाचवायला अठरा देणे हा कोणता व्यापार? भरायचा तो धंद्याला न लागणारा पैसा.

आमच्या पेढीवर आलेल्या बांधवांचा हिशेब आम्ही याच रीतीने मांडला. त्यांना बँकेत दोन वाटा होत्या. पाच लाख भरून हप्ता कमी करायचा किंवा हप्ता तोच ठेवून मुदत कमी करायची. ९ टक्के धरून पहिल्या वाटेने हप्ता ११,६६१ रुपयांवर येतो, दहा वर्षे तशीच राहतात आणि व्याज वाचते २ लाख ६० हजार. दुसऱ्या वाटेने उरलेल्या १२० हप्त्यांचे ६५ होतात आणि वाचतात ४ लाख ९४ हजार. पैसे तेच पाच लाख, पण अर्जावरच्या एका खुणेने सव्वादोन लाखांहून जास्त फरक पडतो. त्यांनी दुसरी वाट घेतली आणि बँकेकडून नवा तक्ता सहीशिक्क्यासह मागून घेतला.

कर्ज संपेल तेव्हा एक गोष्ट विसरू नये. पूर्ण फेड झाल्यावर घराची मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत मिळाली पाहिजेत. बँकेकडून उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. कागद हाती आले की बोजा उतरवल्याची नोंदही करून घ्यावी.

घर घेऊ इच्छिणाऱ्या बांधवांना एवढेच सांगणे आहे. सही करण्याआधी चार आकडे कागदावर लिहून घ्या : एकूण किती फेडायचे, त्यात व्याज किती, पाच वर्षांनी बाकी किती आणि दर दोन टक्के वाढला तर हप्ता किती. हे चार आकडे पाहूनही सौदा पटला तर बिनधास्त घर घ्या. नाही पटला तर रक्कम कमी करा, नाहीतर दोन वर्षे थांबून हाती आणखी पैसा जमवा. ताक्याच्या सौद्यात आपण जेवढे डोळे उघडे ठेवतो, तेवढे इथे ठेवले तरी पुरे.