पावसाळ्यात ओटीला हीटर कशाला?

मुंबईत जुलैमध्ये बाहेरची आर्द्रता 90 टक्क्यांच्या घरात, आणि ऑपरेशन थिएटरमध्ये ती 60च्या खाली हवी, तापमान 21 अंशांच्या आसपास! नुसता एसी वाढवून भागत नाही. खोली गारठते, दमटपणा राहतोच. म्हणून हवा आधी गरजेपेक्षा जास्त गार करतात, कॉइलवर तिचं पाणी निथळतं, मग हीटरने थोडी तापवून आत सोडतात. वीजबिलाकडे बघून हा हीटर बंद करणं म्हणजे बुरशीला आमंत्रण.

आर्द्रतेची खालची मर्यादा 20 टक्के. पूर्वी ती बरीच वर होती, कारण भुलीसाठी ईथर, सायक्लोप्रोपेन वापरत. कोरड्या हवेत स्थिर विजेची ठिणगी पडली की भडका! ही ज्वालाग्राही औषधं गेली, मर्यादा टप्प्याटप्प्याने उतरली, आणि बऱ्याच वर्षांनी, 2010 मध्ये, अमेरिकी मानकाने ती 30वरून 20वर आणली.