वीस वर्षांचं देऊळ, तेराशे वर्षांचे सुतार

जपानमधल्या ईसे इथं सूर्यदेवता अमातेरासूचं मंदिर आहे. मंदिराला लागूनच तेवढ्याच मापाची एक मोकळी जागा आहे. पांढऱ्या गोट्यांनी झाकलेली, मधोमध लाकडाची एक छोटीशी खोपटी. दर वीस वर्षांनी या मोकळ्या जागेवर हुबेहूब तसंच नवं मंदिर उभं राहतं, एका रात्री देवता तिकडे राहायला जाते आणि जुनं मंदिर उतरवून ती जागा पुढच्या खेपेसाठी मोकळी ठेवतात. इ.स. 690 मध्ये सम्राज्ञी जितोच्या काळात हे पहिल्यांदा घडलं. 2013 मध्ये 62व्यांदा घडलं. 2033ची तयारी आताच सुरू झाली आहे. 2025च्या जूनमध्ये किसोच्या डोंगरात पहिली झाडं पाडण्यात आली.

ही झाडं पाडण्याची रीत बघण्यासारखी आहे. हिनोकी या सूचिपर्णी वृक्षाच्या बुंध्याशी कुऱ्हाडवाले तीन बाजूंनी आत कोरत जातात. हळूहळू पोटात पोकळी होते आणि एवढा थोरला वृक्ष लाकडाच्या तीन पायांवर तोललेला राहतो. मग एक पाय तोडला की झाड ठरवलेल्या दिशेलाच आडवं होतं, खोडाला आतून चीर जात नाही. त्याच झाडाच्या शेंड्याची डहाळी आणून बुंध्यात खोचतात आणि डोंगराचे आभार मानतात. यांत्रिक करवत आल्यावर या पद्धतीची रोजची गरज संपली. ती टिकली, कारण या सोहळ्यासाठी ती कुणाला तरी शिकवावीच लागते.

वीसच वर्षं का? खांब थेट जमिनीत पुरलेले, खाली दगडी जोतं नाही, वर गवताचं छप्पर, लाकडाला रंग नाही. दमट हवेत असं बांधकाम कुजणारच, हे कारण नेहमी दिलं जातं. पण जोत्यावर टिकाऊ मंदिर बांधणं त्या काळच्या जपानी सुतारांना येत होतं. नारा परिसरातलं होर्यूजी हे बौद्ध मंदिर त्याच सुमाराचं आहे आणि आजही उभं आहे. मला पटतं ते दुसरं कारण. विशीतला शिकाऊ पोरगा चाळिशीत मुख्य कारागीर होतो आणि साठीत देखरेख करतो. एका माणसाच्या हाताखालून हे मंदिर दोनदा, फार तर तीनदा जातं. अंतर चाळीस वर्षांचं असतं, तर शिकवणारा आणि शिकणारा यांची गाठ जेमतेमच पडली असती.

ही साखळी एकदा तुटलीही आहे. पंधराव्या-सोळाव्या शतकांत जपानात यादवी माजली आणि एकशे वीस वर्षांहून अधिक काळ मुख्य मंदिराची पुनर्बांधणी झालीच नाही. ती पुन्हा सुरू करण्यात केइको-इन मठाच्या भिक्षुणींचा मोठा वाटा होता. सेइजुन नावाच्या भिक्षुणीनं गावोगाव फिरून वर्गणी जमवली आणि 1563 मध्ये ईसेच्या दोन मुख्य मंदिरांपैकी बाहेरचं मंदिर उभं राहिलं. अमातेरासूचं आतलं मंदिर 1585 मध्ये झालं. शिंतो देवतेच्या मंदिरासाठी बौद्ध भिक्षुणींनी झोळी फिरवली, ही गोष्ट मला या साऱ्या इतिहासात सर्वांत मोलाची वाटते. मापं आणि विधी इ.स. 804च्या दफ्तरात लिहून ठेवलेले होते. पण कागद रंधा मारत नाही. एवढ्या खंडानंतर उभं राहिलेलं मंदिर आधीच्यासारखं तंतोतंत असेल, असं मानण्याचं कारण नाही.

मंदिराबरोबर देवतेची वस्त्रं, आरसे, शस्त्रं अशा दीड हजारांहून अधिक वस्तूही नव्यानं घडवतात. त्यांतल्या एका तलवारीच्या मुठीला तोकी या पक्ष्याची फिकट गुलाबी पिसं लागतात. 1981 मध्ये जपानातले उरलेसुरले पाच जंगली तोकी पकडून पिंजऱ्यात आणले गेले. तिथल्या मूळ वंशाचा शेवटचा पक्षी 2003 मध्ये मेला. आज सादो बेटावर दिसतात ते चीनमधून आणलेल्या जोड्यांचे वंशज. लोहार आहे, मूठ बांधणारा आहे, पण पक्षी नाही म्हटल्यावर सगळं अडतं. लाकडाचंही तेच झालं होतं. ईसेचं स्वतःचं रान कधीच संपलं होतं, म्हणून 1923 मध्ये दोनशे वर्षांचा आराखडा आखून हिनोकी लावायला सुरुवात झाली. 2013च्या बांधकामात सुमारे एक चतुर्थांश लाकूड ईसेच्या रानातलं होतं.

ईसेचे सुतार पुन्हा पुन्हा बांधतात, तर होर्यूजीचे सुतार आहे ते सांभाळतात. होर्यूजीच्या सुतार घराण्यातले निशिओका त्सुनेकाझू (1908–1995) यांना आजोबांनी तांत्रिक शाळेत न घालता शेतकी शाळेत घातलं. मातीच कळली नाही, तर झाड काय कळणार, हा त्यांचा विचार. देवळाचं काम नसेल तेव्हा हे सुतार लोकांची घरं बांधत नसत, शेती करत. याकुशीजी मंदिराचा पश्चिमेचा पॅगोडा निशिओकांनी 1981 मध्ये नव्यानं उभा केला, तो शेजारच्या प्राचीन पॅगोड्यापेक्षा सुमारे एक फूट उंच ठेवून. लाकूड आटेल, छपराच्या भारानं सांधे बसतील आणि काही शतकांनी दोन्ही कळस एका पातळीवर येतील, हा त्यांचा हिशोब. आपल्याकडे जुन्या काळ्या दगडी देवळांवर ऑइलपेंट फासून आणि फरशा ठोकून जीर्णोद्धार उरकतात, तेव्हा मला हा एक फूट आठवतो आणि जीव तुटतो.

निशिओकांच्या मुलांनी हे काम घेतलं नाही. आला तो बाहेरचा मुलगा. ओगावा मित्सुओ शाळेच्या सहलीत होर्यूजी पाहून भारावला होता. पहिल्या वेळी त्याला परत पाठवलं, काही वर्षांनी ठेवून घेतलं. वर्षभर वर्तमानपत्र नाही, टीव्ही नाही, फक्त हत्यारांना धार लावायची. रंधा कसा चालवायचा हे निशिओकांनी तोंडानं सांगितलं नाही. स्वतः एकदा रंधा मारून निघालेली पातळ ढलपी त्याच्या हातात दिली, अशी निघाली पाहिजे म्हणून. ओगावानं ती खिडकीच्या काचेवर चिकटवली आणि रोज तिच्याशी स्वतःची ढलपी ताडून पाहिली. पण गुरूंची ओढगस्तही त्यानं जवळून पाहिली होती. शेतीवाचूनही सुतारांना पोटभर जेवता यावं, म्हणून 1977 मध्ये त्यानं इकारुगा कोशा ही कार्यशाळा काढली आणि दुसऱ्या गावांची देवळंही बांधायला घेतली. तिथं शिकाऊ मुलं एकत्र राहतात, सगळ्यांचा स्वयंपाक करतात आणि रात्री धार लावत बसतात.