फळमाशी आजारी पडते तेव्हा

पिकलेलं केळं उघड्या बाटलीत ठेवा. दोन-तीन दिवसांत त्यावर लाल डोळ्यांची चिलटं जमतील. हीच फळमाशी, ड्रोसोफिला. कुडव्यात केळंही नको, थोडी मोहाची फुलं आंबली की पुरे.

आंबलेल्या फळात यीस्ट, जीवाणू, बुरशी यांचा बुजबुजाट असतो. माशी तिथेच खाते, तिथेच अंडी घालते. तिच्या रक्तात आपल्यासारखी प्रतिपिंडं नाहीत. मग ती तगते कशी?

तिला सुई टोचली तर जखमेवर काळी खपली धरते. आत शिरलेले जीवाणू गिळायला भक्षक पेशी असतात. एखाद्या परजीवी गांधीलमाशीने अळीच्या अंगात अंडं घातलं, तर चपट्या पेशी त्याभोवती थरावर थर चढवून ते कोंडून टाकतात.

पण मोठा कारखाना आहे मेदपिंडात. संसर्ग होताच काही तासांत तिथून जंतुनाशक पेप्टाइडं पाझरू लागतात. कीटकांमधलं असं पहिलं पेप्टाइड 1981 मध्ये स्वीडनच्या हान्स बोमान यांनी ओळखलं, ते सेक्रोपिया पतंगात. हा पतंग म्हणजे आपल्या ऐनावरच्या कोशाच्या, टसरच्या पतंगाचा भाऊबंदच!

कारखाना सुरू करण्याचा हुकूम कोण देतं? ‘टोल’ हे जनुक गर्भाची पाठ कुठली, पोट कुठलं हे ठरवतं, एवढंच आधी माहीत होतं. 1996 मध्ये स्ट्रासबुर्गला ब्रुनो लमेत्र, ज्यूल हॉफमन आणि सहकाऱ्यांनी टोल बिघडलेल्या माश्यांना बुरशीचा संसर्ग केला. दोन-तीन दिवसांत जवळजवळ सगळ्या मेल्या. बऱ्याच जीवाणूंशी मात्र त्या लढू शकत होत्या, कारण त्यांच्यासाठी ‘आयएमडी’ हा वेगळा मार्ग आहे.

1997 मध्ये टोलचा भाऊ माणसातही सापडला. 1998 मध्ये ब्रूस बॉयटलर यांनी उंदरांत दाखवलं, की जीवाणूंच्या आवरणातलं विष अशाच एका टोलमुळे ओळखलं जातं. ही हाक अतिरेकी झाली की रोग्याचा रक्तदाब कोसळतो, माणूस दगावतो. हॉफमन आणि बॉयटलर 2011 च्या नोबेलचे मानकरी ठरले. पुण्याच्या आयसरमध्ये गिरीश रत्नपारखी यांच्या प्रयोगशाळेत माशीतल्या याच संदेशयंत्रणेवर काम चालतं.

कीटकांची ही तटबंदी अभेद्य नाही, हे टसर पाळणाऱ्यांना विचारा. पेब्रिनचा परजीवी मादीकडून थेट अंड्यात उतरतो. म्हणून अंडी घातल्यावर मादी चिरडून सूक्ष्मदर्शकाखाली तपासतात, आणि बीजाणू दिसले तर तिची सगळी अंडी जाळून टाकतात.